सेमिनोल सरांचा शब्द

सरांविषयी लिहा, असं मला अनेकांनी सांगितलं. ते गेले तेव्हा कॉलेजच्या अंकासाठी सांगितलं, पुढे माजी विद्यार्थ्यांनी सांगितलं. दर वेळी मी तब्येतीचं कारण पुढे केलं. खरं कारण वेगळं होतं. सरांविषयी लिहायचं तर एका दुपारविषयी लिहावं लागतं, आणि ती दुपार मी बायकोलासुद्धा कधी सांगितली नाही. आता थोरले बंधूही राहिले नाहीत. ज्यांच्या आड उभं राहता येत होतं ती माणसं संपली, म्हणून लिहायला बसलो आहे.

सांगलीच्या विश्रामबागेतल्या आमच्या नेहमीच्या किराणा दुकानात सर शिरले की रांगेतली माणसं कपाळाला हात लावायची. सर आधी चहापूड मागायचे. पुडा हातात आला की पैसे द्यायचे, सुटे परत घेऊन खिशात टाकायचे. मग जणू आत्ताच दुकानात पाऊल ठेवल्यासारखे विचारायचे, "आण्णा, साखर आहे का?" साखरेचे पैसे, साखरेचे सुटे. मग काडेपेटी. दुकानदार आण्णा जैन, मोठा गमत्या माणूस. सर दिसले की गल्ला उघडाच ठेवायचा आणि म्हणायचा, "सर, होडी कुठं लावलीय आज? रस्त्यात न्हाई न्हवं?"

"तुमच्या अंगणातच लावलीय आण्णा. आज मुक्काम आहे," सर गंभीरपणे सांगायचे.

ही होडी सेमिनोलांची. अमेरिकेच्या दक्षिण टोकाला, फ्लोरिडाच्या दलदलीत राहणारी ही माणसं. एका खोडातून कोरलेल्या होड्यांतून ती हरणांची आणि सुसरींची कातडी, बगळ्यांची पिसं घेऊन गोऱ्या वसाहतकऱ्यांच्या दुकानांवर यायची. एक कातडं द्यायची, त्याची नाणी मोजून घ्यायची, मगच दुसरं पुढे करायची. खरेदीही तशीच. एक जिन्नस, त्याचा हिशेब पुरा, मग दुसरा. सरांना हे कधीतरी सांगलीतल्या एका रद्दीवाल्याकडे मिळालेल्या, पुठ्ठा फाटलेल्या इंग्रजी पुस्तकातून कळलं आणि ते त्यांच्या अंगात भिनलं. फ्लोरिडा तर सोडाच, मुंबईच्या पलीकडे ते कधी गेले नव्हते. पण जिथून मिळतील तिथून पुस्तकं मागवून त्यांनी जन्मभर त्या लोकांच्या व्यापाराचा अभ्यास केला. मुलांनी त्यांना 'सेमिनोल सर' केलं आणि त्यांनी ते नाव आनंदाने घेतलं.

"त्यांचा दुकानदारावर विश्वास नव्हता म्हणून असं करत असतील," मी एकदा म्हणालो.

"उलट आहे, भूगोल," सर म्हणाले. ते इतिहास शिकवायचे आणि मी भूगोल, म्हणून मला ते भूगोलच म्हणत. "एक व्यवहार धड मिटल्याशिवाय दुसरा काढायचा नाही, ही त्यांची रीत होती. मागचं काही लोंबकळत नसलं की माणूस समोरच्याच्या डोळ्यांत बघू शकतो."

वर्गातही तेच. एखाद्या पोराने एका दमात दोन प्रश्न विचारले की सर उजव्या हाताचं एक बोट वर करायचे. "एक. आधी एक." पोरं मुद्दाम दोन-दोन प्रश्न विचारायची, ते बोट बघायला.

त्यांच्या खोलीत हाताने फिरवायचं एक जुनं शिवणयंत्र होतं. सेमिनोल बायकांनी दुकानदारांकडून अशीच यंत्रं घेतली आणि रंगीत कापडाच्या पट्ट्या जोडून अंगरखे शिवले, म्हणून सरांनीही शिंप्याकडून चिंध्या आणून पट्ट्या जोडायला सुरुवात केली. लग्न केलं नव्हतं, अडवणारं कुणी नव्हतं. त्यांनी शिवलेल्या पिशव्या आम्हा सगळ्यांच्या घरी होत्या. एकही सरळ नव्हती. माझ्या बायकोने तिच्या पिशवीचे बंद उसवून पुन्हा घातले, तर सर आठवडाभर रुसले होते.

आमची मैत्री झाली ती मात्र पिशव्यांमुळे नाही, फासेपारध्यांमुळे. माझं मूळ गाव कडेगावजवळ. घरचा ऊस. एकदा बोलता बोलता मी सांगितलं की माझ्या लहानपणी पारधी आमच्याकडे तित्तर, मध, डिंक घेऊन यायचे आणि आजोबा त्यांना जोंधळा आणि गूळ द्यायचे. उसात रानडुकरं शिरली की आजोबा त्यांनाच बोलावणं धाडायचे. सर खुर्चीत पुढे सरकले.

"मुक्काम कुठं करायचे?"

"आमच्या गुऱ्हाळात."

"म्हणजे तुमच्या अंगणात?"

"अंगणच म्हणा."

"आणि तुम्ही हे मला आज सांगताय, भूगोल?" ते खरोखर चिडले होते. फ्लोरिडातले दुकानदारही सेमिनोलांना असंच अंगणात उतरू द्यायचे, दोघांची पोरं एकत्र खेळायची, हे मला माहीत असायला हवं होतं असं त्यांचं म्हणणं. पुढच्या रविवारी ते माझ्याबरोबर एस.टी.त होते.

आमच्या घरची आणखी एक रीत मी त्यांना सांगितली. पारधी अंगणात आला की आधी पाखरं धरायच्या आपल्या फाशांचं गाठोडं ओसरीवर द्यायचा आणि घरधन्याने ते स्वतःच्या हाताने घ्यायचं. गडीमाणसाने घेतलेलं चालत नसे. गाठोडं घेतलं की तो माणूस त्या घराचा पाहुणा. त्या अंगणात असेपर्यंत कुणी त्याच्या अंगाला हात लावायचा नाही आणि त्यानेही पळायचं नाही. आजोबांच्या वेळी एकदा पाटलाची माणसं एका पारध्याला धरायला आली, तर आजोबा गाठोडं मांडीवर घेऊन दारात बसले होते म्हणे. सरांनी हे माझ्याकडून किती वेळा ऐकलं असेल!

त्या पारध्याचा नातू रतन. तो गायरानात पाल टाकून राहायचा. शिकार आता कायद्याने बंद होती, तरी उसात डुकरं शिरली की गावची माणसं चोरून त्यालाच बोलवायची. एरवी तो मध आणि डिंक विकायचा. त्याची आणि सरांची गट्टी जमायला वेळ लागला नाही. रतनलाही एक एक करून विकायची सवय होती, ते बघून सरांना आभाळ ठेंगणं झालं. दोघांचा व्यवहार बघायला माणसं जमत.

"सर, ही बाटली. आदी हिचं बोला."

"हिचं झालं. आता ती."

"तिचं मागनं. आदी ही पिशवीत ठिवा. तुमची पिशवी वाकडी हाय, कलंडंल."

सर दर महिन्याला जाऊ लागले. रतनच्या बायकोला, कमळीला, त्यांनी शिवणयंत्र देऊन टाकलं. तिने आठ दिवसांत सरांपेक्षा चांगल्या पट्ट्या जोडल्या आणि सर ते सगळ्या स्टाफरूमला सांगत फिरले. सेमिनोलांच्या व्यापाराचा शेवट मात्र त्यांना कधी सांगावासा वाटत नसे. मी विचारलं तेव्हा एकदाच म्हणाले, "पिसांवर बंदी आली. मग दलदलीचं पाणी काढून जमीन कोरडी केली. जनावर संपलं, होड्या चालेनात, व्यापार बुडाला. त्या जमिनीवर काय लावलं असेल सांगा, भूगोल."

"काय?"

"ऊस."

पांढऱ्या निशाणाची गोष्ट मात्र वेगळी. ते दर वर्षी एका तासाला सांगायचे. व्यापाराच्याही आधीच्या लढाईत अमेरिकन फौजेने सेमिनोलांच्या एका पुढाऱ्याला बोलणी करायला म्हणून पांढऱ्या निशाणाखाली बोलावलं आणि तिथेच धरलं. तो कैदेतच मेला. सर म्हणायचे, "लढाईत हरवलं असतं तर मी काही बोललो नसतो. हा माणूस शब्दावर आला होता." त्या तासाला पोरं दंगा करत नसत.

आता ती दुपार.

गावात विहिरीवरच्या मोटारींच्या केबली चोरीला जायला लागल्या. आधी एकाची, मग दुसऱ्याची, मग आमची. ऊस ऐन पाण्याला आलेला. नाव कुणाचं घ्यायचं हे कुणाला शोधावं लागलं नाही. रतनला सुगावा लागताच तो पाल सोडून डोंगराकडे गेला, आणि तो पळाला म्हणजे चोर तोच, असं गावाने ठरवून टाकलं.

मी सुट्टीला घरी होतो. थोरले बंधू, आम्ही त्यांना दादा म्हणायचो, फौजेतून सुभेदार होऊन आलेले. सगळी शेती त्यांनीच बघितली, माझं शिक्षण त्यांच्या पगारावर झालं. सकाळी ओसरीवर मला जवळ बसवून म्हणाले, "त्यो पारधी तुज्या त्या सराचं ऐकतोय. सराला सांग, ये म्हनावं त्याला. बसून बोलू."

"बसून बोलायचंच आहे ना, दादा?"

दादांनी नजर अंगणाकडे वळवली. खोटं बोलायची त्यांना सवय नव्हती. "पोलिसांची जीप गुऱ्हाळामागं आसंल. नुस्तं इचारायचं हाय त्येला. तू मधी काय बोलू नगंस."

"सरांना सांगू?"

"सराला कशाला सांगतुयास? त्यो मास्तर मानूस, मग आनंल व्हय त्येला?"

मी "बरं" म्हणालो.

दोन तास विचारतील आणि सोडून देतील असं मला वाटलं, असं मी स्वतःला वर्षानुवर्षं सांगितलं. ते खरं नाही. मला तसं वाटलं नव्हतं, मी वाटून घेतलं होतं. पारध्याला जीपमधून नेल्यावर काय होतं हे आमच्या भागात लहान पोरालाही ठाऊक असतं. पण दादांना नाही म्हणायचं म्हणजे साऱ्या गावाला नाही म्हणायचं, आणि तेवढी छाती माझ्याकडे नव्हती.

मी सांगलीला आलो आणि सरांना गाठलं. गावाला रतनशी बसून बोलायचंय, एवढंच सांगितलं.

"तुमच्या अंगणात?"

"आमच्या अंगणात."

"धरणार नाहीत?"

"नाही."

"भूगोल, मी त्याच्याकडे तुमचा शब्द घेऊन जातो. माझ्याजवळ दुसरं काही नाही."

"जा घेऊन," मी म्हणालो.

सर डोंगरात जाऊन त्याला घेऊन आले. कसं शोधलं ते मला कळलं नाही. उन्हाच्या वेळी दोघं चालत अंगणात आले. रतनच्या एका हातात मधाची बाटली होती आणि खांद्यावर गाठोडं. दादा घरात होते, ओसरीवर मी एकटा. रतन पायरीशी थांबला. मला तो फार थकलेला वाटला, पण हसला.

"धाकलं मालक, हात फुडं करा. आज तुमीच घरधनी."

मी हात पुढे केले. गाठोडं हलकं होतं. केसांचे फासे, बारीक काठ्या, एक जुनं फडकं. सर माझ्याकडे बघत होते. माझ्याकडून इतक्यांदा ऐकलेलं अखेर डोळ्यांनी बघायला मिळाल्याचं समाधान त्यांच्या तोंडावर होतं. ते तोंड मला अजून दिसतं.

चहा आला. रतनने कप तोंडाला लावला आणि गुऱ्हाळामागून जीप निघाली. तो पळू शकला असता. मागची भिंत कमरेएवढीच होती आणि त्याच्यासारखा पळणारा पंचक्रोशीत नव्हता. त्याने एकदा भिंतीकडे बघितलं, मग माझ्या मांडीवरच्या गाठोड्याकडे, आणि तो बसून राहिला. गाठोडं दिल्यावर पळायचं नाही, ही रीत त्याने पाळली.

सर आडवे गेले. "हा बोलायला आलाय! शब्दावर आलाय!" असं ओरडत राहिले. त्यांचा चष्मा पडला. एका शिपायाने त्यांना बाजूला केलं, तेही फार जोरात नाही. जाताना दुसरा माझ्याजवळ आला आणि हात पुढे केला. मी गाठोडं त्याच्या हातात दिलं.

केबल काही सापडली नाही. तेव्हा पोलिसांनी ते फासेच दाखवले. बंदी असलेल्या शिकारीचं सामान जवळ बाळगलं, असा गुन्हा घातला. रतन कित्येक महिन्यांनी सुटला तेव्हा त्याचा डावा पाय वाकत नव्हता. केबली चोरणारी टोळी पुढे दुसरीकडेच पकडली गेली. ती बातमी गावात आली आणि गावाने पान उलटावं तशी ती उलटून टाकली.

त्या दिवशी सांगलीला परतताना सर एस.टी.त खिडकीशी बसले होते. चष्म्याची एक काच फुटली होती. तासगाव मागे पडल्यावर त्यांनी विचारलं, "भूगोल, तुम्हाला माहीत होतं?"

"नाही," मी म्हणालो.

त्यांनी लगेच माझा हात हातात घेतला. "मला वाटलंच. मग तुमचीही फसवणूक झाली." आणि उरलेला रस्ता त्यांनी माझी समजूत काढली. आपल्याच अंगणात आपला शब्द मोडला गेला, तुम्हाला किती लागलं असेल, असं ते म्हणत होते. त्यांच्या हातातून मी हात सोडवून घेतला नाही.

रतनच्या लोकांनी आमचा भाग सोडला. सर त्यांना शोधत हिंडले आणि अखेर फलटणच्या बाजूला, उसाच्या फडांपलीकडच्या माळावर पालं सापडली. मीही बरोबर गेलो, कारण नाही म्हणायला कारण सुचलं नाही. रतन पालातून बाहेर आला नाही. कमळी आली.

"सर, तुमी बोलावलं म्हनून आला त्यो."

"हो," सर म्हणाले.

"लोकं म्हनत्यात, सरानं इकलं. मी म्हनलं, न्हाई, सर तसलं न्हाईत. आता तुमीच सांगा. तुमास्नी ठावं हुतं?"

"मला माहीत नव्हतं, बाई. पण मला माहीत असायला पाहिजे होतं. जन्मभर तेच वाचत आलोय मी. चूक माझी आहे."

तिने माझ्याकडे बघितलं. मी बुटाने माती उकरत होतो. माझ्या तोंडून एक शब्द निघाला असता तर त्या माळावर सरांचं नाव धुऊन निघालं असतं. तिथे चार-सहा माणसं होती, एवढंच ऐकायला उभी राहिलेली. कमळी पालात गेली आणि शिवणयंत्र आणून सरांच्या पायाशी ठेवलं.

"ह्ये घिऊन जा. पुन्यांदा हिकडं येऊ नगासा."

ते यंत्र आम्ही दोघांनी धरून बसथांब्यापर्यंत आणलं.

त्यानंतर सरांनी वर्गात सेमिनोलांचं नाव काढलं नाही. जे अभ्यासक्रमात होतं तेवढंच शिकवलं. पोरांनी मुद्दाम दोन-दोन प्रश्न विचारून बघितले, तर दोन्हींची उत्तरं ओळीने दिली. अभ्यासाचे कागद त्यांनी बांधून माळ्यावर टाकले, पुरं करा म्हटलं तर म्हणायचे, "ज्याला एवढं कळलं नाही त्याने काय लिहायचं?" एका संध्याकाळी मी दुकानात होतो आणि सर आले. आण्णाने सवयीने गल्ला उघडा ठेवला.

"काय सर, होडी कुठं?"

"आण्णा, चहापूड, साखर, काडेपेटी. सगळं एकदमच बांधा."

आण्णाचा हात तसाच राहिला. सर गेल्यावर त्याने मला विचारलं, "सरांना काय झालंय हो?" मी म्हणालो, वय झालंय.

दादांशी मी या विषयावर पुन्हा बोललो नाही. अखेरच्या आजारात त्यांनी एकदा विचारलं, "त्या पारध्याचं काय झालं रं फुडं?" मी म्हणालो, "काय माहीत, दादा." त्यांनी कूस बदलली.

सर सांगलीच्या दवाखान्यात होते तेव्हा मी रोज संध्याकाळी जायचो. जाताना ठरवून जायचो. दोनच गोष्टी सांगायच्या होत्या. मला माहीत होतं, ही एक. दुसरी, मला माफ करा. पण नर्स असायची, पुतण्या असायचा, सलाईन असायचं. एका संध्याकाळी कुणी नव्हतं. सर उशीला टेकून बसले होते, आवाज खोल गेलेला, पण नजर स्वच्छ.

"सर, दोन गोष्टी सांगायच्यात."

आणि सरांनी उजव्या हाताचं बोट वर केलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा.

"एक. आधी एक, भूगोल."

ते थोडे हसलेही. मी त्या बोटाकडे बघत राहिलो. एस.टी.तला तो हात मला आठवला.

"आण्णाने चहापूड पाठवलीय," मी म्हणालो.

"बरं. आणि दुसरी?"

"दुसरी उद्या सांगतो, सर."

त्यांनी मान हलवली आणि बोट खाली घेतलं. सकाळी पुतण्याचा फोन आला.

फलटणच्या माळावर मी नंतर एकदा जाऊन आलो. तिथे आता ऊस आहे. पालं कुठं गेली ते कुणाला सांगता आलं नाही. तिथे कुणी भेटलं असतं तर जे बोलायचं होतं ते इथे लिहितो, कधी कुणी त्यांच्या कानावर घातलं तर. सरांनी रतनला विकलं नाही. सरांना माहीत नव्हतं. मला माहीत होतं.

एक गोष्ट सांगून झाली, सर. दुसरीसाठी समोर तुम्ही हवे होतात.